सूचना धक्क्यावर द्या, भर समुद्रात नको

प्रति,
संपादक,

स. न. वि. वि.

सुट्ट्या जवळ आल्या की आपल्या पर्यटन पुरवणीत प्रवाळ बघायला नेणाऱ्या बोटींच्या सहलींबद्दल काही ना काही छापून येतं. निळंशार पाणी, रंगीत मासे, सोबत जाणकार गाइड, सकाळी निघून संध्याकाळी परत. अशीच एक सहल मी अलीकडे केली आणि तिथे एक जिवंत प्रवाळ मोडून आले. ते कसं घडलं, हे सांगण्यासाठी हे पत्र. ठिकाणाचं आणि बोटवाल्यांचं नाव मुद्दाम लिहीत नाही. लिहिलं तर त्या पोरसवद्या गाइडची नोकरी जाईल आणि बाकी सगळं आहे तसंच राहील.

मी एकतीस वर्षं ऑपरेशन थिएटरमध्ये परिचारिका होते. सोबत नणंद आणि तिचा बारा वर्षांचा नातू. पोहता फक्त नातवाला येतं. पण आरक्षण करताना, पैसे भरताना किंवा बोटीत चढताना, पोहता येतं का, हे आम्हाला कुणीही विचारलं नाही. वय विचारलं, तेही तिकिटावर छापण्यापुरतं. नणंदेला रक्तदाबाची गोळी चालू आहे, हे त्या बोटीवर मी सोडून कुणालाच ठाऊक नव्हतं.

बोट सकाळी आठला सुटली. आम्ही बावीस प्रवासी, दोन गाइड, एक चालक आणि एक खलाशी. प्रवास सव्वा तासाचा. पहिली वीस मिनिटं सगळे हसतखेळत फोटो काढत होते. मग बोट मोकळ्या समुद्राला लागली आणि एकेकाचा चेहरा उतरायला लागला. मळमळायला लागल्यावर लोकांनी पिशव्यांमधून गोळ्या शोधून काढल्या. या गोळीचं गणित साधं आहे: निघायच्या अर्धा-पाऊण तास आधी पोटात गेली तर उपयोग, उलटी सुरू झाल्यावर घेतलेली गोळी उलटीबरोबरच बाहेर पडते. धक्क्यावर बोटीची वाट पाहत आम्ही चांगली चाळीस मिनिटं बसलो होतो. त्या वेळात कुणी एका वाक्यात हे सांगितलं असतं, तर निम्मी बोट आडवी झाली नसती. मी नणंदेला गोळी आधीच दिली होती आणि आम्ही बोटीच्या मागच्या बाजूला, मधोमध बसलो होतो. तिथे हेलकावे कमी लागतात. पुढे नाकावर बसायची हौस असलेल्यांचे हाल बघवत नव्हते.

प्रवाळ पंधरा मिनिटांवर आलं तेव्हा गाइड उभा राहिला. इंजिन चालू, वारा कानात, चार जण कठड्यावर वाकलेले, दोघं व्हिडिओ काढताहेत, उरलेले मास्कच्या पट्ट्यांशी झटताहेत. अशात तो जे बोलला ते मला ऐकू आलं तेवढं असं: मास्क घट्ट लावा, तोंडाने श्वास घ्या, खाली दगड आहेत तेव्हा पाय सांभाळा, शिट्टी वाजली की परत या. दोन मिनिटं लागली असतील. संपलं.

यातलं ‘पाय सांभाळा’ नीट बघा. आम्ही काय समजलो? दगड टोकदार असतील, आपल्याला लागेल, म्हणून आपले पाय जपायचे. त्याला सांगायचं होतं ते बरोबर उलटं: तुमच्या पायांपासून त्यांना जपा. आमच्याकडे शस्त्रक्रियेच्या आदल्या रात्री रुग्णाला ‘काही खाऊ नका’ एवढंच सांगितलं, तर तो सकाळी पेलाभर दूध पिऊन यायचा आणि शपथेवर सांगायचा की काही खाल्लं नाही. त्याचं काय चुकलं? सांगणाऱ्याचं चुकलं. म्हणून आम्ही सूचना आदल्या संध्याकाळी द्यायचो, वॉर्डात, शांतपणे, आणि मग विचारायचो, ‘आता मी काय सांगितलं ते तुम्ही मला सांगा.’ टेबलावर घेतलेल्या माणसाला काही सांगून उपयोग नसतो. तो मान डोलावतो, पण त्याच्या कानात फक्त स्वतःच्या छातीची धडधड असते. बोटीच्या शिडीवर पायात फिन्स (पोहायचे रबरी पंख) घालून बसलेल्या, पोहता न येणाऱ्या बाईचंही तेच होतं.

आता माझा पराक्रम.

लाइफ जॅकेट होतं आणि गाइडने आठ-दहा जणांना एका रिंगेची दोरी धरायला दिली होती. पहिली पाचेक मिनिटं केवळ अद्भुत होती, हे नाकारणार नाही. पाण्यात कान गेले की एक तडतड ऐकू येते, ओल्या काटक्यांनी पेट घ्यावा तशी. ती चिमुकल्या कोळंब्यांची, हे मला नंतर कळलं. एक निळा-हिरवा पोपटमासा प्रवाळावर तोंड मारत होता आणि त्याचं कटक-कटक मला खरोखर ऐकू येत होतं. हा मासा प्रवाळाचा कठीण भाग दातांनी खरवडतो, त्यावरचं शेवाळ खातो आणि चुना बारीक वाळू करून मागून सोडतो. माझ्या डोळ्यांदेखत त्याने मागून पांढऱ्या भुकटीचा ढग सोडला. प्रवाळ बेटांच्या किनाऱ्यावरची पांढरी वाळू बरीचशी अशीच तयार होते. तिच्यावर हौसेने लोळणाऱ्यांनी हे वाचून वाईट वाटून घेऊ नये.

मग माझ्या मास्कमध्ये पाणी यायला लागलं. कपाळावरची केसांची एक बट मास्कच्या रबराखाली अडकली होती, तेवढ्या फटीतून. (मिशावाल्यांनाही हा त्रास होतो म्हणे.) पाणी नाकाशी आलं, मी सवयीने नाकाने श्वास घेतला आणि खारं पाणी थेट घशात. एकतीस वर्षं दुसऱ्यांना ‘घाबरू नका, दीर्घ श्वास घ्या’ सांगणारी मी पार घाबरले. खाली पाहिलं तर प्रवाळ हाताच्या अंतरावर. वाटलं, पाणी कमरेएवढंच आहे, सरळ उभं राहू. पाणी होतं छातीपर्यंत. पाण्याखाली मास्कच्या काचेतून वस्तू साधारण एक तृतीयांशाने मोठी आणि एक चतुर्थांशाने जवळ दिसते. प्रकाश पाण्यातून हवेत येताना वाकतो, त्याचा हा परिणाम. शाळेत बादलीतली वाकडी काठी शिकलो होतो ती इथे कामाला यायला हवी होती. मी पाय सोडले आणि फिनखाली काहीतरी करकन मोडलं.

तो आवाज मला ऐकू आला की पायातून जाणवला, ते सांगता येत नाही. हाडाचं काम जन्मभर पाहिलेल्या बाईला तो ओळखीचा होता, एवढं खरं.

गाइड दोन हातांत येऊन पोहोचला. त्याने मला पाठीवर उताणं केलं, मास्क काढायला लावला, बट बाजूला केली, पुन्हा चढवला. उताणं झालं की लाइफ जॅकेट तुम्हाला आपोआप उचलून धरतं, तोंड वर राहतं आणि पाय खाली लोंबकळत नाहीत. मास्क नीट करायचा तर असा करायचा, उभं राहून नाही. हे शिकायला मला अर्धं मिनिट लागलं आणि ते धक्क्यावरच्या बाकावर बसूनही शिकता आलं असतं. मग त्याने बुडी मारून मोडलेला तुकडा वर आणला आणि पाण्यातच माझ्यासमोर धरला. माझ्या करंगळीपेक्षा थोडा लांब. बाहेरून तपकिरी, बोटांना बुळबुळीत लागणारा, आणि मोडलेल्या टोकाला खडूसारखा पांढरा. तपकिरी कातडीवर बारीक बारीक खळगे, प्रत्येक खळग्यात एक जीव. ‘ताई, हे झाड नाही आणि दगडही नाही, हे प्राणी आहेत,’ तो म्हणाला. रागावला नाही. रागावला असता तर बरं वाटलं असतं. तुकडा त्याने एका कपारीत घट्ट खोचून ठेवला. कधी कधी तग धरतो, म्हणाला, वाळूत पडला तर मात्र हमखास मरतो.

परतीच्या वाटेवर मी त्याच्याशेजारी जाऊन बसले आणि त्याने जे सांगितलं ते ऐकून मला माझ्या मोडक्या फांदीपेक्षा जास्त वाईट वाटलं, कारण या पोराला सगळं माहीत होतं. प्रवाळाचा प्रत्येक जीव स्वतःभोवती चुन्याचा सांगाडा बांधतो. त्याच्या पेशींमध्ये सूक्ष्म शैवाल राहतं, ते उन्हावर साखर तयार करतं आणि यजमानाला देतं. प्रवाळाचा तपकिरी-हिरवा रंग बहुतेक करून त्या शैवालाचा. पाणी उन्हाळ्यातल्या नेहमीच्या कमाल तापमानापेक्षा अंशभराने जरी चढलं आणि काही आठवडे तसंच राहिलं, तरी हे शैवाल बाहेर टाकलं जातं आणि पारदर्शक कातडीतून आतला पांढरा सांगाडा दिसायला लागतो. म्हणजे लगेच मेलेलं नसतं, पण उपाशी असतं. वेळेत पाणी निवलं तर सावरतं.

हे ऐकताना नणंदेने माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घातली. तासाभरापूर्वी ती पाण्यातून डोकं वर काढून ओरडली होती, ‘वहिनी, ते पांढरंशुभ्र बघा, किती सुंदर!’ आणि तपकिरी प्रवाळ बघून बोटीवरचे बरेच जण हिरमुसले होते, की जाहिरातीत तर लालभडक होतं. लाल रंग पाण्यात पहिल्या काही मीटरांतच शोषला जातो. जाहिरातीतले फोटो प्रखर दिव्याच्या उजेडात काढलेले असतात. म्हणजे जे धडधाकट होतं त्याला आम्ही नावं ठेवली आणि जे आजारी होतं त्याचं कौतुक केलं. जाताना दोन वाक्यं सांगितली असती, तर पोरांनासुद्धा कोणतं प्रवाळ बरं आहे आणि कोणतं आजारी, हे ओळखता आलं असतं. त्यातच खरी मजा होती.

मी त्याला विचारलं, मग हे सगळं आधी का सांगत नाहीस? तो म्हणाला, धक्क्यावर वेळ देत नाहीत. बोट वेळेवर सुटली पाहिजे. आणि आधीच जास्त नियम सांगितले तर लोकांचा मूड जातो, असं मालक म्हणतात.

मूड! माझ्या हिशेबाने त्या दिवशी आम्ही धक्क्यावर चाळीस मिनिटं रिकामे बसलो होतो. त्यातली दहा दिली असती तरी पुरे होतं.

आता कुणी म्हणेल, समुद्र तापतोय, अख्खी प्रवाळं पांढरी पडताहेत, त्यात बाईंच्या एका फांदीचं काय एवढं? बरोबर आहे. 1998 मध्ये जगभर प्रवाळ पांढरं पडलं, 2010 मध्ये पुन्हा, 2014 ते 2017 सलग, आणि एप्रिल 2024 मध्ये शास्त्रज्ञांनी चौथ्या जागतिक फेरीची घोषणा केली. हे माझ्या फिनने झालेलं नाही. पण अतिदक्षता विभागातला रुग्ण आधीच गंभीर आहे म्हणून भेटायला येणाऱ्यांना आम्ही चपला घालून आत येऊ देत नव्हतो. उलट त्यालाच जास्त जपायचो. फांद्यांचं प्रवाळ त्यातल्या त्यात भरभर वाढतं. गोल, डोक्यासारखं दिसणारं प्रवाळ वर्षाला साधारण सेंटिमीटरभर. टेबलाएवढा गोळा दिसला, तर तो कित्येक दशकांचा असू शकतो. त्यावर उभं राहून फोटो काढणारे दोघं मी त्याच दिवशी पाहिले. त्यांनाही कुणी सांगितलं नव्हतं. आपल्या देशात प्रवाळाला वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत 2001 पासून स्थान आहे, वाघाच्या पंगतीला. वाघाच्या पाठीवर उभं राहायचं कुणाच्या मनात येत नाही, कारण तो प्राणी आहे हे दिसतं. म्हणून पुरवणीत ‘समुद्राखालची बाग’ हा शब्द वाचला की आता माझ्या कपाळाला आठी पडते. बाग म्हटलं की माणूस फुलं तोडायला जातो. नातवाच्या खिशातून मी प्रवाळाचा एक तुकडा काढायला लावला आणि तो परत पाण्यात गेला. रडारड झाली, पण गेला.

लोशनचंही सांगून टाकते. पाण्यात उतरायच्या क्षणाला बावीस जणांनी सनस्क्रीन थापलं आणि शिडीभोवती तेलाचा तवंग पसरला. काही सनस्क्रीनमधली ऑक्सिबेन्झोनसारखी द्रव्यं प्रवाळाला बाधतात, या कारणावरून पलाऊ देशाने 2020 पासून आणि हवाई राज्याने 2021 पासून त्यांच्यावर बंदी घातली आहे. खरं तर लांब बाह्यांचा अंगाला चिकटणारा सदरा घातला की पाठीला लोशन लावायचं कारणच उरत नाही. पालथं पोहताना सगळ्यात जास्त भाजते ती पाठ आणि पोटऱ्यांची मागची बाजू. हे कळलं असतं तर पंधरा जणांनी घरूनच तसे कपडे आणले असते. बोटीत चढल्यावर कळून काय उपयोग?

एका बाबतीत मात्र त्या बोटीला मी शंभर गुण देईन. माणसं मोजण्यात. पाण्यात उतरताना, बाहेर येताना आणि बोट हलायच्या आधी, असं तीनदा दोघांनी वेगवेगळं मोजलं आणि आकडा जुळल्यावरच इंजिन सुरू केलं. शस्त्रक्रियेत पोट शिवायच्या आधी आम्ही रक्त टिपायचे गॉजचे तुकडे असेच दोघी मिळून मोजायचो. एक कमी भरला तर सर्जन कितीही घाईत असू दे, टाका पडत नसे. जानेवारी 1998 मध्ये ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवर एका बोटीने मोजण्यात चूक केली आणि एक अमेरिकन जोडपं समुद्रात राहिलं. दोन दिवसांनी त्यांचं सामान बोटीवर सापडलं, तेव्हा लक्षात आलं. ते दोघं कधीच सापडले नाहीत. त्यानंतर तिथले मोजणीचे नियम कडक झाले. त्याच क्वीन्सलँड राज्यात आता वयस्क किंवा हृदयविकार असलेल्या प्रवाशाला तसं आधी विचारतात, तो लांबून ओळखू यावा म्हणून वेगळ्या रंगाची खूण देतात आणि तरंगायला आधार देतात. म्हणजे विचारणं जमतं. माझ्या नणंदेला मी अडवलं नसतं तर तीही दोरी सोडून हौसेने पुढे गेली असती.

बोटीवरच्या औषधाच्या पेटीबद्दल लिहायचं नाही असं ठरवलं होतं, पण हात थांबत नाही. माझा गुडघा खरचटला होता. पेटी उघडली तर कापूस दमट, कात्री गंजलेली आणि जंतुनाशकाची बाटली कोरडी. प्रवाळाने खरचटलेली जखम दिसते किरकोळ, पण तिच्यात चुन्याचे बारीक कण अडकतात आणि ती चिघळते. स्वच्छ पाण्याने भरपूर धुवायची, साबण लावायचा, कण निघेपर्यंत हलक्या हाताने पुसायचं, आणि लाली पसरायला लागली किंवा ताप आला तर डॉक्टरांकडे जायचं. मी पिण्याच्या पाण्याची बाटली गुडघ्यावर रिकामी केली. आणखी दोघांची खरचटणं त्याच पाण्यात धुतली. थिएटर सोडून सहा वर्षं झाली तरी सुटका नाही.

संपादक महोदय, माझी मागणी दोन ओळींची आहे. सहल नेणाऱ्यांनी सूचना धक्क्यावर द्याव्यात, इंजिन बंद असताना, बोटीत चढायच्या आधी. आणि दोन प्रवाशांना उभं करून त्या परत वदवून घ्याव्यात. आणि आपण पुरवणीत पुढच्या वेळी निळंशार पाणी छापाल, तेव्हा कोपऱ्यात वाचकांना एवढंच सुचवा, की पैसे भरण्यापूर्वी फोन करून विचारा: पोहता न येणाऱ्यांना तुम्ही कुठे आणि कधी शिकवता? बोट प्रवाळावर नांगर टाकून उभी करता की कायमच्या बोयाला, म्हणजे तिथे तरंगत ठेवलेल्या पिंपाला, बांधता? उत्तर देताना समोरचा अडखळला, तर पुढची बोट बघा.

आपली,
एक निवृत्त परिचारिका
(नाव छापू नये, ही विनंती)

ता. क. गुडघ्याची जखम भरायला अठरा दिवस लागले. खोचलेल्या तुकड्याचं काय झालं हे विचारायला मी त्या गाइडला फोन केला होता. समुद्र खवळलेला असल्यामुळे बोटी बंद आहेत. सुरू झाल्या की पहिल्याच फेरीत बघून सांगतो, म्हणाला.